'त्यानं कुठे सोसलंय?' या प्रश्नाला उत्तर

नमस्कार. 'अरारात' या सिनेमावरचा माझा लेख तुम्हाला पटला नाही. कैरोत जन्मलेल्या, कॅनडात सुखानं वाढलेल्या त्याच्या दिग्दर्शकानं, अ‍ॅटम इगोयाननं, १९१५च्या ऑटोमन तुर्कस्तानातल्या आर्मेनियन संहाराचं दुःख का मिरवावं, असं तुम्ही विचारता. शिवाय चित्रपटात चित्रपट घालून त्यानं गुंता केला आणि मी लेखात गोव्यातली मंगेशी ओढूनताणून आणली, असंही म्हणता.

गुंत्याचं आधी सांगते. संहाराची सरळ गोष्ट त्यात आहेच. शार्ल अझनावूरनं केलेला वृद्ध दिग्दर्शक तीच चित्रित करतोय. पण इगोयानचं लक्ष आहे टोरोंटोच्या विमानतळावर अडवलेल्या एका आर्मेनियन वंशाच्या पोराकडे. बॅगेत फिल्मचे डबे, समोर कस्टमचा अधिकारी, आणि हे काय आहे ते त्याला धड सांगता येत नाही. हा गुंता त्या पोराचाच आहे. तो सोडवून दिला असता तर सिनेमा खोटा झाला असता.

आता अधिकाराचं. त्या संहारातून वाचलेला आर्मेनियन चित्रकार आर्शिल गॉर्की याचा आईसोबतचा एक फोटो आहे, १९१२ सालचा, तुर्कस्तानातल्या वान शहरातला. १९१९मध्ये आई येरेवानला उपासमारीनं गेली. अमेरिकेत त्यानं त्या फोटोवरून चित्र करायला घेतलं आणि वर्षानुवर्षं त्यावर काम करत राहिला. त्यात आईचा चेहरा स्पष्ट आहे, हात मात्र पुसट, अपुरे. सिनेमात गॉर्की ते हात स्वतःच्या बोटांनी पुसतो. मला तिथं पुढचं काही वेळ दिसेनासं झालं. ज्यानं सोसलं त्यालाही जे पुरं रंगवता आलं नाही, ते नातवंडांच्या वाट्याला तसंच अपुरं येतं. लहानपणी इतर मुलांत मिसळण्यासाठी आपली भाषा टाकलेला इगोयान ते पुसट हात दाखवतो, आणि तेवढंच आपलं म्हणतो. याला मी मिरवणं म्हणणार नाही.

माझ्या आजीचा जन्म, लग्न, संसार सगळा फोंड्यात. तरी पणजी-मडगाव बस जुवारी ओलांडून कुठ्ठाळीला लागली की मांडीवरची पिशवी ती माझ्याकडे देई आणि खिडकीकडे वळून हात जोडी. बाहेर माड आणि दुकानं. "आमचो देव हांगासून गेलो," म्हणे, जणू गेल्याच पावसाळ्यात गेला. पोर्तुगीज देवळं पाडू लागले म्हणून मंगेशाला कुठ्ठाळीहून नदीपलीकडे, तेव्हा आदिलशाहीत असलेल्या अंत्रूज महालात, म्हणजे आजच्या फोंड्याकडे, नेलं ते १५६०च्या सुमारास. आजीनं तरी कुठे सोसलं होतं? पण ते जोडलेले हात खोटे होते असं मला कुणी सांगू नये.

तुलनेबद्दल मात्र तुमचं बरोबर आहे. आमचा देव फोंड्याजवळच्या प्रियोळला सुखरूप पोचला, देऊळ उभं राहिलं, आजही जत्रा भरते. वानच्या आर्मेनियनांना परत उभं राहायला जागा उरली नाही, आणि तुर्कस्तान तो वंशसंहार होता हे अजून मान्य करत नाही. 'आपलंही अगदी तसंच' असं मी लिहायला नको होतं. ते वाक्य लेखातून काढलं आहे.