शिकायत कटवा लीजिए, अंकल

गेल्या दीड महिन्यात हे वाक्य मी फोनवर नऊ वेळा ऐकलं. म्हणजे पोलिसांविरुद्ध केलेली माझी तक्रार बंद करून टाका. नऊ हा आकडा मोजून लिहितोय. बत्तीस वर्षं बँकेत काढली, मोजायची सवय सुटत नाही. फोन करणारा हवालदार बोलायला अगदी गोड. "अंकल, निराकरण हो गया है, आप बस बोल दो कि संतुष्ट हैं." मी म्हणतो, झालं काय ते तरी सांगा. तो म्हणतो, "वो तो साहब बताएँगे." साहेबांचा फोन अजून आलेला नाही.

झालं असं. फेब्रुवारीतली गोष्ट. माझा पुतण्या आणि त्याचा मित्र रात्री दीडच्या सुमारास सराफ्यातून, म्हणजे आमच्या रात्रीच्या खाऊबाजारातून, घरी निघाले होते. भुट्ट्याचा कीस, गराडू, जिलबी, इंदूरची पोरं रात्री जे करतात ते सगळं करून. दारूबिरू काही नाही, हे आधीच सांगतो, कारण पहिला प्रश्न तोच येतो. एका चौकात चेकिंग चालू होतं. कागद दाखव म्हटल्यावर पुतण्यानं मोबाइलवर डिजिलॉकर उघडून दाखवलं. हवालदार म्हणाला, ओरिजिनल दाखव. पुतण्या म्हणाला, हेही कायद्यानं चालतं. "ज्यादा कानून मत झाड़," आणि कानाखाली आवाज. चष्मा रस्त्यावर. त्याची एक दांडी तुटली, ती आजही सेलोटेपनं चिकटवलेली आहे. नवा चष्मा घे म्हटलं तर तो घेत नाही.

मग ठाण्यात नेलं. साडेचारपर्यंत बाकावर बसवून ठेवलं. मोबाइल काढून घेतलेला. माझा भाऊ तिथं पोचला तेव्हा एका शिपायानं कोरा कागद पुढं केला आणि मजकूर सांगितला. पुतण्यानं तो स्वतःच्या अक्षरात लिहिला: मी ड्यूटीवरच्या पोलिसांशी गैरवर्तन केलं, मला पश्चात्ताप आहे, पुन्हा असं करणार नाही. खाली सही, वडिलांची सही, मोबाइल नंबर. मग सोडलं.

म्हणजे त्या रात्रीचा एकच कागद या जगात आहे. तो पोलिसांकडं आहे आणि त्यात गुन्हेगार माझा पुतण्या आहे.

रोजनामच्यात, म्हणजे ठाण्याच्या रोजच्या नोंदवहीत, तो ठाण्यात आल्याची नोंद नाही. हे मला तोंडी सांगितलं गेलं, तेही जणू आमच्यावर उपकार म्हणून: "देखो, लड़के का करियर है, इसलिए हमने कुछ लिखा ही नहीं." ऐकायला किती बरं वाटतं बघा. पण लिहिलंच नाही तर तीन तास तो होता कुठं? आणि कानाखाली मारली कुणी?

भावाला मी म्हटलं, सकाळीच मुलाहिजा, म्हणजे वैद्यकीय तपासणी, करून घेऊ, डॉक्टरचा कागद तरी हाताशी राहील. भाऊ म्हणाला, "दादा, जाऊ दे. त्याच्या पासपोर्टचं व्हेरिफिकेशन यायचंय. त्याच ठाण्यातून." यावर मला काही बोलता आलं नाही. तुम्हाला आलं असतं का? दोन दिवस पोराचा कान दुखला, मग थांबला. पुरावाही थांबला.

तीन आठवड्यांनी मीच माझ्या नावानं दोन गोष्टी केल्या. एक, सीएम हेल्पलाइनला, १८१ ला तक्रार. दोन, दहा रुपये भरून माहितीच्या अधिकारात त्या रात्री दीड ते साडेचारचं ठाण्याचं सीसीटीव्ही फुटेज मागितलं.

हेल्पलाइनची तक्रार एल-१ ला गेली. एल-१ म्हणजे पहिल्या पायरीचा अधिकारी. आमच्या बाबतीत तो कोण? त्याच ठाण्याचे टीआय, म्हणजे ठाण्याचे प्रमुख. बँकेत माझ्या काउंटरवरची रोकड कमी भरली असती आणि चौकशी मलाच करायला दिली असती, तर मी नक्की संतुष्ट झालो असतो.

फुटेजचं उत्तर तिसाव्या दिवशी आलं. दोन ओळी. डीव्हीआरची (कॅमेऱ्याचं रेकॉर्डिंग साठवणाऱ्या यंत्राची) साठवण क्षमता १५ दिवसांची असल्यानं मागितलेला कालावधी उपलब्ध नाही.

आता इथं थोडं थांबा, कारण माझं डोकं याच दोन ओळींवर फिरलं. २ डिसेंबर २०२० ला सुप्रीम कोर्टानं परमवीर सिंह सैनी प्रकरणात सांगितलं की देशातल्या प्रत्येक ठाण्यात कॅमेरे हवेत. नुसते दारावर नाही, लॉकअपमध्ये, व्हरांड्यात, टीआयच्या खोलीत, आवाजासकट, अंधारात दिसतील असे. आणि रेकॉर्डिंग १८ महिने राहिलं पाहिजे, तशी यंत्रं बाजारात नसतील तरी वर्षापेक्षा कमी चालणार नाही. त्यावर लक्ष ठेवायला जिल्ह्याजिल्ह्यात समिती. पावणेपाच वर्षांनी, सप्टेंबर २०२५ मध्ये, राजस्थानातल्या कोठडीतल्या मृत्यूंची बातमी वाचून त्याच कोर्टाला स्वतःहून पुन्हा विचारावं लागलं की ते कॅमेरे चालतात का. तर आमच्या ठाण्याच्या १५ दिवसांचं मला आश्चर्य वाटायला नको होतं. वाटलं. कोर्ट म्हणतं १८ महिने, ठाणं सही-शिक्क्यानिशी लिहून देतं १५ दिवस, आणि लिहून देणाऱ्याचा हात कापतसुद्धा नाही.

ज्याच्याविरुद्ध तक्रार, पुरावा त्याच्याच कपाटात. माझं सगळं म्हणणं एवढंच आहे. पोलीस वाईट की चांगले या वादात मला पडायचं नाही.

मंदसौरकडचं मल्हारगढ ठाण्याचं प्रकरण आठवा. ऑगस्ट २०२५ मध्ये बारावी पास झालेल्या एका हुशार पोराला बसमधून उतरवलं आणि अफूसकट पकडल्याचं दाखवून आत टाकलं. कागदावर वेळ वेगळी, जागा वेगळी. तो सुटला कशामुळं? बसमध्ये मालकानं लावलेला कॅमेरा होता. ते फुटेज इथं, एमजी रोडवरच्या आपल्या हायकोर्टात दाखवलं गेलं, तेव्हा एसपींना चूक कबूल करावी लागली आणि सहा पोलीस निलंबित झाले. कॅमेरा ट्रॅव्हल्सवाल्याचा होता म्हणून. ठाण्याचा असता तर? डीव्हीआरची क्षमता.

आणि आपल्या चंदननगर ठाण्याचं? तेच ते दोन साक्षीदार दीडशेहून जास्त प्रकरणांत, हे सुप्रीम कोर्टापुढं आलं. भिया, एवढ्या वेळा योगायोगानं घटनास्थळी हजर राहायला माणसाला घरदार नसावं लागतं.

ही तरी जिवंत माणसांची प्रकरणं. गुना जिल्ह्यातल्या म्याना ठाण्यात जुलै २०२४ मध्ये पारधी समाजाचा पंचवीस वर्षांचा मुलगा लग्नाच्या तोंडावर उचलला आणि मेला. आई सुप्रीम कोर्टापर्यंत गेली. १५ मे २०२५ ला कोर्टानं तपास सीबीआयकडं दिला आणि जबाबदार पोलिसांना महिन्याभरात पकडा म्हणून सांगितलं. सप्टेंबर उजाडला तरी दोन पोलिसांना अटक नाही. अवमानाची तंबी मिळाल्यावर मग हालचाल. राज्यभर चोर पकडणाऱ्या खात्याला स्वतःचीच माणसं सापडत नव्हती! त्या आईपुढं माझ्या पुतण्याची कानाखाली काय, हे मला कळतं. पण कपाट तेच आहे.

'लाइन अटॅच केलं' हे ऐकून आपण खूश होतो. माझ्या मॉर्निंग वॉकच्या ग्रुपमध्ये तर टाळ्या पडतात. लाइन अटॅच म्हणजे ठाण्यातून काढून पोलीस लाइनीत बसवणं, शिक्षा नव्हे हो. तीन महिन्यांनी तोच माणूस दुसऱ्या ठाण्यात दिसतो.

आणखी एक, ज्याकडं आपल्या शहरात फारसं कुणाचं लक्ष गेलं नाही. डिसेंबर २०२१ मध्ये इंदूरला कमिशनर पद्धत आली, म्हणजे मॅजिस्ट्रेटचे काही अधिकार पोलिसांकडंच आले. 'एकसौ इक्यावन में डाल दूँगा' ही धमकी आपण लहानपणापासून ऐकतोय, म्हणजे शांतता बिघडवेल म्हणून आधीच उचलायचं कलम (कलमाचा नंबर आता बदललाय, धमकीचा नाही). आधी तसा उचललेला माणूस एसडीएमपुढं, म्हणजे महसूल खात्याच्या अधिकाऱ्यापुढं जायचा, आता एसीपीपुढं, म्हणजे पोलीस अधिकाऱ्यापुढंच जातो. एसडीएमही फार काही बघायचा नाही, सही ठोकायचा. पण निदान दुसऱ्या खात्याचा होता.

मग जायचं कुठं? २००६ मध्ये प्रकाश सिंह प्रकरणात सुप्रीम कोर्टानं सांगितलं होतं की पोलिसांविरुद्धच्या तक्रारींसाठी राज्यात आणि जिल्ह्यात वेगळं प्राधिकरण हवं, निवृत्त न्यायाधीशांच्या हाताखाली. मी ओळखीच्या तीन वकिलांना विचारलं. तिघेही हसले. एकानं चहा मागवला. मानवाधिकार आयोग शिफारस करतो. कोर्टात जाऊन तपासाचा हुकूम मागावा, तर १ जुलै २०२४ पासूनच्या नव्या संहितेत मॅजिस्ट्रेटनं आधी त्या पोलिसाच्या वरिष्ठाचा अहवाल घ्यायचा, त्या पोलिसाचं म्हणणं ऐकायचं, मग हुकूम. कामाच्या ओघात झालेल्या गोष्टीला खटल्याची मंजुरी लागते ती वेगळीच. तिथं एक गोष्ट मात्र बरी झाली: सरकारनं १२० दिवसांत ठरवलं नाही तर मंजुरी मिळाली असं धरायचं. बरी ती बरी म्हणतो.

त्या शिपायाबद्दलही लिहितो, नाहीतर माझीच मुलगी कमेंटमध्ये येऊन म्हणेल, बाबा एकतर्फी लिहिता. अनंत चतुर्दशीच्या झांक्यांना, म्हणजे रात्रभर चालणाऱ्या चित्ररथांच्या मिरवणुकीत, मी लहानपणी आजोबांच्या खांद्यावरून पोलीस बघितलेत आणि आता नातवाला खांद्यावर घेऊन बघतो. संध्याकाळी ज्याला जेल रोडवर उभं पाहिलं, तोच सकाळी तिथंच पेंगताना दिसतो. साप्ताहिक सुट्टीची घोषणा होते आणि विरते. असा माणूस रात्री दीडला चौकात उभा असेल तर चिडणारच. पण चिडलेल्या कॅशियरलाही संध्याकाळी हिशेब द्यावा लागायचा, आणि तपासणीस बाहेरून यायचा. तो बाहेरून यायचा म्हणून आम्ही नीट वागायचो, आम्ही कुणी संत नव्हतो.

आपल्या गावात कचरागाडीला जीपीएस आहे. ती माझ्या गल्लीत किती वाजता आली हे पालिकेला कळतं. त्या रात्री माझा पुतण्या तीन तास कुठं होता, हे सरकारदरबारी कुणालाच कळत नाही.

भाऊ माझ्याशी नीट बोलत नाही. पासपोर्ट अजून आलेला नाही, आणि त्याच्या मते तो माझ्यामुळं अडलाय. खरंही असेल.

मी पहिलं अपील टाकलंय. सुनावणी पुढच्या बुधवारी अकरा वाजता, वरच्या साहेबांपुढं. साहेब त्याच खात्याचे. इंदूरमध्ये कुणाला ठाण्याचं फुटेज माहितीच्या अधिकारात खरोखर हातात मिळालं असेल, तर अर्जात नेमके कोणते शब्द लिहिले होते ते इनबॉक्समध्ये सांगा. मंगळवारपर्यंत सांगितलंत तर उपयोग होईल.