‘मुलाच्या पडण्याची जाहिरात केली’ : कुस्ती केंद्राच्या चालकाचं उत्तर

नमस्कार ताई,

एक स्टार देऊन तुम्ही लिहिलंय की मुलगा चीतपट झालेला व्हिडिओ आम्ही न विचारता टाकला, तो रडत असतानाही मोबाइल चालू ठेवला आणि त्याला मुद्दाम भारी जोड दिली. पहिल्या दोन गोष्टी खऱ्या आहेत. तिसरी नाही.

तिसरीचं आधी सांगतो. त्या सकाळी दोघांनाही काट्यावर उभं केलं होतं. तुमचा मुलगा 31 किलो, समोरचा 31 किलो 400 ग्रॅम. वही केंद्रातच आहे, कधीही येऊन बघा. समोरच्याचा कलाजंग बसला, म्हणजे खांद्यावर घेऊन पाठीवर टाकलं. गादीवर 4 गुणांचा डाव आहे तो, भलेभले पडतात. पडताना तुमच्या मुलाने हनुवटी छातीला चिकटवली होती, शिकवलं होतं तशीच. पण ते कौतुक बघणाऱ्यांपैकी कुणी केलं नाही.

व्हिडिओचं मात्र आमचं चुकलंच. डाव देखणा बसला आणि जिंकलेल्या पोराच्या वडिलांनी मागितला, म्हणून टाकला. कुस्तीच्या व्हिडिओत पोरं दोन असतात. वरच्याच्या घरचा होकार होता, खालच्याच्या घरी विचारायचं कुणाला सुचलं नाही, मलाही नाही. प्रवेशअर्जावर फोटोची एक ओळ आहे आणि खाली तुमची सही आहे, पण त्या ओळीआड मी लपणार नाही. डिजिटल माहितीच्या 2023 च्या कायद्यातही 18 वर्षांखालच्या मुलांसाठी पालकांची संमती सांगितलीच आहे. आणि पोर रडायला लागल्यावर मोबाइल धरणाऱ्या पैलवानाने तो खाली ठेवून त्याला जवळ घ्यायला हवं होतं. त्याला मी बोललोय.

तुम्ही शुक्रवारी फोन केलात, व्हिडिओ उतरला सोमवारी. पासवर्ड ज्या पोराकडे तो गावच्या जत्रेला गेलेला. तेवढ्यात व्हिडिओ शाळेत पोहोचला. इन्स्टाग्रामवर खातं काढायला 13 वर्षं पूर्ण लागतात, पण पाचवीतल्या पोरांना आईचा मोबाइल पुरतो.

आता लहानांच्या सरावाचा व्हिडिओ पेजवर जाणार नाही. ज्याचा त्याच्या पालकांना दाखवू, पालकांच्या मोबाइल गटातही टाकणार नाही, तिथूनही फिरतंच. स्पर्धेचा टाकलाच तर दोन्ही घरांना विचारून, नाव न घालता आणि कमेंट बंद ठेवून. यूट्यूबने लहान मुलांच्या बहुतेक व्हिडिओंवरच्या कमेंट 2019 मध्येच बंद केल्या, आम्ही मागे राहिलो. जत्रेच्या आखाड्याभोवतीचे मोबाइल मात्र माझ्याच्याने आवरत नाहीत, म्हणून तिथे पोरं न्यायच्या आधी तुम्हाला सांगू.

एका परक्या पेजवर गाणं लावलेली प्रत अजून आहे. आम्ही तक्रार केली आहे, तुम्हालाही करायची असेल तर लिंक पाठवतो. राहिलेल्या महिन्यांची फी परत हवी असेल तर कळवा, लगेच देतो. तुमच्या मुलाचा जोडीदार रोज विचारतो, तो कधी येणार म्हणून. एकेरी पट, म्हणजे एक पाय धरून पाडायचा डाव, त्या दोघांनी बरोबरच शिकायला घेतला होता.