नुसत्या निवडून आल्या?

आज सकाळी पोहे खाता खाता भाचा म्हणाला, "मावशी, सुमित्राताईंनी असं विशेष केलं तरी काय? नुसत्या निवडून तर येत राहिल्या." म्हणजे आमच्या इंदूरच्या माजी खासदार, लोकसभेच्या माजी अध्यक्ष सुमित्रा महाजन. पोरगा हुशार आहे, चांगल्या नोकरीत आहे. घरात पाहुणे होते म्हणून मी गप्प बसले. पण दुपारभर कशात लक्ष लागेना, म्हणून आता लिहायला बसलेय.

"नुसत्या"? अरे, वार्डातून एकदा निवडून येऊन दाखव, मग बोलू.

चिपळूणची मुलगी लग्न करून इंदूरला आली. १९८२ मध्ये नगर निगमात (महापालिकेत) पार्षद, म्हणजे नगरसेविका झाली, १९८४ मध्ये उपमहापौर. १९८५ ला विधानसभेला उभ्या राहिल्या आणि हरल्या. आजकाल एक टिकट कापलं की माणसं दुसऱ्या दिवशी पक्ष बदलतात. या हरल्या आणि पुन्हा कामाला लागल्या. मग १९८९ ची लोकसभा, भाजपकडून. समोर काँग्रेसचे प्रकाशचंद्र सेठी! मध्य प्रदेशाचे माजी मुख्यमंत्री, देशाचे माजी गृहमंत्री. आमच्या घरात तर त्यांचं नाव आदरानंच घेतलं जायचं.

कारण आजी-आजोबा दोघंही पक्के काँग्रेसवाले. मतदानाच्या दिवशी दोघं बूथवरून परत आले ते न बोलता. आजोबांना रस्त्यातच संशय आला असणार. अंगणात पाय धुताना त्यांनी विचारलं, "शिक्का कुठे मारलास?" आजी शांतपणे म्हणाली, "सेठीजी मोठे आहेत हो. पण नळाला पाणी नाही आलं तर त्यांना मी कुठे शोधू? हिला रस्त्यात थांबवून विचारता येतं." आजोबा त्या दिवशी संध्याकाळपर्यंत तिच्याशी बोलले नाहीत.

सेठी हरले. पेपरवाल्यांनी कारणं बरीच लिहिली, तेव्हा देशभर काँग्रेसविरुद्ध हवा होती हेही खरंच. पण मला विचाराल तर ती निवडणूक आमच्या आजीसारख्या बायकांनी जिंकून दिली. आणि त्या बायकांनी भाषण ऐकून मत दिलं नव्हतं, पार्षद म्हणून पाहिलेल्या बाईला दिलं होतं.

तिथून २०१४ पर्यंत सलग आठ वेळा. एकच मतदारसंघ, एकच पक्ष. इंदुरात मराठी मतं ती किती? सिंधी, जैन, अग्रवाल, माहेश्वरी, मालवी, मुसलमान, सगळ्यांचं हे शहर. नुसतं आपल्या माणसांच्या जिवावर इथे एकदासुद्धा निवडून येता येत नाही. ज्याला आपण मवाळ स्वभाव म्हणतो ना, तो वार्डात तयार होतो. मोहल्ल्यात ज्याच्याशी भांडलात त्याच्याच दारावरून दुसऱ्या दिवशी जायचं असतं. आवाज चढवून, कुणाच्या धर्माबद्दल वाटेल ते बोलून टाळ्या मिळतात, ड्रेनेज मोकळं होत नाही.

बरं, तक्रारी नव्हत्या असं नाही. वाजपेयींच्या सरकारात त्या राज्यमंत्री होत्या (कॅबिनेट कधी मिळालंच नाही, हे मला आजही खटकतं), तेव्हा आमची आजीच कुरकुरायची, "आता रस्त्यात दिसत नाही ती." २००९ ला तर जेमतेम ११ हजारांच्या फरकानं निघाल्या, म्हणजे शहरानंही कान धरलाच होता. आणि इतकी वर्षं एकाच माणसाला टिकट म्हणजे बाकीच्यांनी काय करायचं, हा प्रश्नही चुकीचा नाही, मान्य.

६ जून २०१४ ला त्या लोकसभेच्या अध्यक्ष झाल्या, बिनविरोध. मीराकुमार यांच्यानंतर त्या खुर्चीवर बसलेली दुसरी स्त्री. टीव्हीसमोर आई आणि मी अक्षरशः रडलो. आजी नव्हती तोवर. निगमाच्या सभेत बसलेली बाई साऱ्या देशाच्या सभेला शिस्त लावत होती, आणि ते बघायला ती हवी होती.

हो, २०१५ मध्ये काँग्रेसचे २५ खासदार त्यांनी पाच दिवसांसाठी निलंबित केले, ते मलाही आवडलं नव्हतं. २०१८ च्या मार्चमध्ये सरकारविरुद्धचा अविश्वास प्रस्ताव गोंधळाचं कारण देऊन लांबत गेला, तेही. पुढे जुलैत तो घेतला, चर्चा झाली, मतदान झालं. एवढं बोलून सोडते.

मला खरा संताप येतो तो २०१९ चा. एप्रिल उजाडला तरी इंदूरचं टिकट जाहीर नाही. पंचाहत्तरी ओलांडलेल्यांना द्यायचं नाही, तर नका देऊ ना! पण समोर येऊन सांगा. लोकसभेच्या अध्यक्षांना ताटकळत ठेवायचं? शेवटी ५ एप्रिलला त्यांनीच पत्र काढलं. पक्षाला संकोच होतोय असं दिसतंय, मला निवडणूक लढवायची नाही, आता मोकळेपणानं निर्णय घ्या, अशा अर्थाचं. ना थयथयाट, ना बंड, ना दुसऱ्या पक्षाचा उंबरठा. तीस वर्षं दिल्या घरी राहिलेल्या माणसाला असा निरोप देतात? ज्यांना रस्त्यात थांबवून विचारता येत होतं, त्यांना पक्षातल्या कुणी साधं विचारलंही नाही.

जाऊ दे. त्यांनी मनात ठेवलं नाही, मी कशाला ठेवू. पण २०२४ आठवा. काँग्रेसच्या उमेदवारानं ऐन वेळी अर्ज मागे घेतला आणि थेट भाजपमध्ये गेला. शहरात लाडू वाटत होते. तेव्हा याची गरज नव्हती, हे व्हायला नको होतं, असं ताई उघड बोलल्या. स्वतःच्याच पक्षाविषयी, फायदा आपल्याच पक्षाचा होत असताना. त्या निवडणुकीत इंदुरात २ लाख १८ हजारांवर लोकांनी नोटाचं बटण दाबलं. आमच्या घरातलीही त्यात काही मतं आहेत, कुणाची ते विचारू नका.

२०२७ मध्ये नगर निगमाच्या निवडणुका येतील. महिला मंडळातल्या, भिशीतल्या, शाळेतल्या माझ्या मैत्रिणींनो, तुमच्यापैकी कुणी उभी राहणार असेल तर मला आत्ताच सांगा. पक्ष कुठलाही असो. घरोघरी पर्च्या वाटायला मी येते.