सॉर्बिट्रेटबद्दल फिरणारा मेसेज: खुलासा

‘छातीत कळ आली किंवा तोंड वाकडं झालं, की लगेच सॉर्बिट्रेट जिभेखाली ठेवा, हृदयाची आणि मेंदूची बंद नस उघडते,’ असा मेसेज फिरतोय. तो अर्धवट खरा आहे, म्हणूनच जास्त धोक्याचा.

सॉर्बिट्रेट म्हणजे आयसोसॉर्बाइड डायनायट्रेट. त्याने रक्तवाहिन्या सैलावतात, हृदयावरचा ताण कमी होतो, अंजायनाची (हृदयाला रक्त कमी पडल्याने छातीत येणारी) कळ थांबते. पण नस अडवणारी गुठळी विरघळत नाही. (गोळीनंतर डोकं ठणकतं, ते डोक्यातल्या वाहिन्या रुंदावल्यामुळे. तो उपचार नव्हे.)

पक्षाघातात तर ही गोळी घरी देऊच नका. रक्तदाब एकदम उतरला, तर मेंदूला मिळणारं उरलंसुरलं रक्तही घटतं.

डॉक्टरांनी ज्याला लिहून दिली आहे, त्यानेच घ्यावी: बसून, जिभेखाली, न गिळता. उभ्याने घेतली तर भोवळ येऊन पडायला होतं. वरचा रक्तदाब ९० च्या खाली असेल, किंवा लैंगिक ताठरतेसाठीचं सिल्डेनाफिल (व्हायग्रा) मागच्या २४ तासांत, टाडालाफिल मागच्या ४८ तासांत घेतलं असेल, तर घेऊच नये; दाब जीवघेणा कोसळू शकतो. ५ मिनिटांत कळ थांबली नाही तर रुग्णवाहिका बोलवा.

सॉर्बिट्रेटचा तो फिरणारा मेसेज पुढे पाठवू नका. ज्या ग्रुपवर टाकला असेल, तिथून काढून टाका.