बंड झाले होते, पण उलट बाजूने

ट्वेंटिएथ सेंच्युरी फॉक्सच्या १९३७ सालच्या ‘स्लेव्ह शिप’ या चित्रपटाचा विषय निघाला, की जुन्या सागरी साहसपटांच्या चाहत्यांमध्ये एक मजकूर हमखास फिरू लागतो. त्यातील प्रतिपादन थोडक्यात असे : हा चित्रपट म्हणजे ‘वाँडरर’ या शेवटच्या गुलामवाहू जहाजाची खरी हकीकत आहे, अमेरिकेने १८०८ सालीच गुलामांची आयात बंद केल्यामुळे पुढचा चोरटा धंदा केवळ बदमाश खलाशांच्या हाती उरला होता, जहाजातून आणलेल्या माणसांविषयी काही माहितीच उपलब्ध नसल्यामुळे चित्रपट त्यांना बोलते करू शकला नाही, आणि १९३७ सालच्या कलाकृतीला आजचे माप लावणे अन्यायाचे आहे. यांपैकी काही विधानांना कोठेतरी वस्तुस्थितीचा आधार आहे, परंतु काढलेला निष्कर्ष एकाही ठिकाणी टिकत नाही.

प्रथम ‘खरी हकीकत’ हा दावा पाहू. टे गार्नेट यांनी दिग्दर्शित केलेला हा चित्रपट जॉर्ज किंग यांच्या ‘द लास्ट स्लेव्हर’ या कादंबरीवरून घेतला आहे आणि त्यातील जहाजाचे नाव ‘वाँडरर’ आहे, एवढे खरे. चित्रपटातला कप्तान (वॉर्नर बॅक्स्टर) प्रेमात पडतो, लग्न करतो आणि गुलामांचा धंदा सोडून सरळ मार्गाला लागण्याचे ठरवतो. मात्र वॉलेस बीरीने रंगवलेला त्याचा दुय्यम अधिकारी आणि बाकीचे खलाशी बंड करून जहाज पुन्हा आफ्रिकेकडे नेण्याचा घाट घालतात. म्हणजे सज्जन होऊ पाहणारा मालक आणि त्याला पापात ओढणारे नोकर, अशी ही मांडणी आहे. इतिहासात ‘वाँडरर’वर खरोखरच एक बंड झाले, पण ते याच्या नेमके उलट होते. १८५९ च्या शरद ऋतूत हे जहाज अमेरिकेच्या जॉर्जिया राज्यातील सव्हाना बंदरातून परवान्यावाचून पळवण्यात आले आणि गुलाम आणण्यासाठी आफ्रिकेच्या दिशेने हाकारण्यात आले. वाटेत कप्तान होडीतून दुसऱ्या जहाजाकडे रसद आणण्यासाठी गेला असताना दुय्यम अधिकाऱ्याने आणि खलाशांनी शिडे उभारली, कप्तानाला मागे सोडले आणि त्याच वर्षीच्या डिसेंबरात जहाज बोस्टनला नेऊन सरकारी अधिकाऱ्यांच्या हवाली केले. नाट्य म्हणून पाहिले तरी हा प्रसंग पडद्यावरच्या बंडापेक्षा सरस आहे. तो उलटा करून दाखवण्याचा पटकथाकारांना अधिकार होता. पण त्या उलट्या प्रसंगाला ‘खरी हकीकत’ म्हणण्याचा अधिकार कोणालाही नाही. ‘शेवटचे जहाज’ हे बिरुदही टिकत नाही, कारण ‘वाँडरर’नंतर सुमारे दीड वर्षाने, १८६० च्या जुलैत, ‘क्लोटिल्डा’ हे जहाज ११० च्या आसपास बंदिवानांना घेऊन अलाबामातील मोबाईल या शहराजवळ आले होते.

हा धंदा केवळ बदमाश खलाशांच्या हाती होता, हा दुसरा मुद्दा अधिक महत्त्वाचा आहे, कारण चित्रपटाची सगळी नैतिक रचना त्यावर उभी आहे. ‘वाँडरर’ हे काही बंदरातल्या गुंडांचे गळके गलबत नव्हते. १८५७ साली न्यूयॉर्कजवळच्या लाँग आयलंडवर, लुइझियानातील एका धनाढ्य ऊसमळेवाल्यासाठी बांधलेली ती वेगवान आणि ऐषारामी यॉट होती. पुढच्या वर्षी ती विकत घेणारा विल्यम कॉरी हा न्यूयॉर्क यॉट क्लबचा सभासद होता आणि त्याच्या मागे पैसा व कारस्थान होते ते चार्ल्स लमार या सव्हानातील प्रतिष्ठिताचे, ज्याचे वडील बँकर होते. क्रीडानौका असल्याच्या बहाण्याने क्लबचा ध्वज फडकावत हे जहाज काँगो नदीच्या मुखाशी गेले आणि तेथे गस्तीवर असलेल्या ‘मेडुसा’ या ब्रिटिश युद्धनौकेच्या अधिकाऱ्यांना कॉरीने जहाजावर मेजवानीही दिली. त्यानंतर पाचशेच्या जवळपास माणसे त्या जहाजाच्या पोटात कोंबण्यात आली. २८ नोव्हेंबर १८५८ रोजी जॉर्जियातील जेकिल बेटावर ती उतरवली गेली तेव्हा त्यांपैकी चारशेहून थोडी अधिक माणसे जिवंत होती.

यानंतर कायद्याने काय केले, हेही पाहावे लागेल. १८२० पासून अमेरिकी कायद्यात हा व्यापार चाचेगिरी मानला गेला होता आणि त्याला देहदंड होता. सव्हानातील ज्यूरींनी मात्र ‘वाँडरर’वरच्या आरोपींना निर्दोष सोडले. कॉरीच्या प्रकरणात तर दक्षिण कॅरोलायनातील न्यायाधीश अँड्र्यू मॅग्राथ यांनी १८६० साली, हा कायदा अशा व्यापाराला लागूच होत नाही, असा निर्वाळा दिला. लमारला शिक्षा झाली ती माणसे पळवून आणल्याबद्दल नव्हे, तर एका साथीदाराला तुरुंगातून बाहेर काढल्याबद्दल, आणि ती होती ३० दिवसांची कैद व दंड. या कायद्याखाली प्रत्यक्ष फाशी गेला तो एकटा नॅथॅनिएल गॉर्डन, तोही फेब्रुवारी १८६२ मध्ये, न्यूयॉर्कमध्ये, यादवी युद्ध सुरू झाल्यानंतर. तेव्हा हा धंदा तळागाळातल्या खलाशांचा होता असे म्हणणे म्हणजे चालकाला दोष देऊन गाडीच्या मालकाला विसरण्यासारखे आहे. चित्रपट नेमके हेच करतो.

बंदिवानांविषयी काही माहीतच नव्हते, हे तिसरे विधान तर सरळसरळ चुकीचे आहे. ‘वाँडरर’मधून आणलेली कित्येक माणसे विसाव्या शतकातही हयात होती. त्यांपैकी सिलुकांगी, ज्याला अमेरिकेत वॉर्ड ली हे नाव मिळाले, त्याने १९०४ साली आफ्रिकेला परत जाण्यासाठी मदतीचे जाहीर आवाहन केले होते. चार्ल्स माँटगोमेरी यांनी या वाचलेल्या माणसांना भेटून, त्यांची छायाचित्रे आणि त्यांनी सांगितलेले मूळ भाषेतील शब्द नोंदवून १९०८ साली एका मानववंशशास्त्रीय नियतकालिकात लेख लिहिला. ‘क्लोटिल्डा’वरून आलेले कजो लुईस, मूळ नाव कोसोला, १९३५ सालापर्यंत जिवंत होते आणि लेखिका झोरा नील हर्स्टन यांनी १९२० च्या दशकाच्या अखेरीस त्यांच्याकडून सविस्तर हकीकत ऐकून घेतली होती. गुलामवाहू गलबतांतून सुटलेली माणसे लिहीत होती, याचा एक दाखला तर आपल्या नाशिकशी जोडलेला आहे : हिंदी महासागरातील अशाच एका गलबतावरून सोडवलेला आणि शरणपूरच्या मिशन शाळेत शिकलेला जेकब वेनराइट हा आफ्रिकेत फिरणारा शोधप्रवासी लिव्हिंगस्टन याच्या शवासोबत १८७४ साली इंग्लंडला गेला, आणि त्या प्रवासाची रोजनिशी त्याने स्वतः लिहून ठेवली. त्यामुळे पडद्यावरचे बंदिवान नावावाचून आणि संवादावाचून राहिले, हा माहितीच्या अभावाचा परिणाम नव्हता. ती निवड होती.

राहता राहिले ‘आजचे माप’. हे माप आजचे आहे हे गृहीतच मुळात तपासले पाहिजे. कृष्णवर्णीय अमेरिकी इतिहासकार डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस यांनी अमेरिकेतील गुलामव्यापार-बंदी कशी ढिली आणि कशी निष्फळ ठरली, याचे कागदपत्रांच्या आधारे केलेले विवेचन १८९६ साली प्रसिद्ध झाले होते आणि ते हार्वर्डच्या ऐतिहासिक अभ्यासमालेतील पहिलेच पुस्तक होते. ‘स्लेव्ह शिप’ चित्रपटगृहांत लागला त्याच काळात, १९३६ ते १९३८ या वर्षांत, सरकारी पगारावरचे लेखक दक्षिणेकडील राज्यांत फिरून पूर्वीच्या गुलामांच्या २,३०० हून अधिक मुलाखती टिपत होते. चित्रपटाच्या कथेचे श्रेय ज्यांच्या नावावर आहे ते विल्यम फॉक्नर तर मिसिसिपीचेच होते, आणि ‘ॲब्सलम, ॲब्सलम!’ ही त्यांची कादंबरी आदल्याच वर्षी प्रसिद्ध झाली होती. गुलामगिरीच्या वारशाविषयी त्यांना काही कळत नव्हते असे म्हणणे हास्यास्पद ठरेल. पडद्यावर काय दाखवू नये हे ठरवणाऱ्या, त्या काळच्या हॉलिवूड स्टुडिओंच्या आचारसंहितेचा आधारही येथे घेता येत नाही. तिने कृष्णवर्णीय आणि गोऱ्यांमधील प्रेमसंबंध पडद्यावर दाखवण्यास मनाई केली होती. बंदिवानाच्या तोंडी चार वाक्ये घालण्यास मनाई केलेली नव्हती.

बीरीचा अभिनय पाहण्यासारखा आहे, हे मी आनंदाने मान्य करतो, आणि मिकी रूनीचा पोरसवदा खलाशीही लक्षात राहतो. त्या कारणांसाठी चित्रपट जरूर पाहावा. फक्त पुढच्या वेळी तो मजकूर पुढे पाठवणाऱ्यांनी त्यातून ‘खरी हकीकत’ हे दोन शब्द गाळावेत आणि बोस्टनला पोहोचलेल्या त्या खलाशांचा उल्लेख घालावा.