गावठी कुत्र्यालाही नखं असतात

मी कुत्र्याची नखं घरीच कापते असं सांगितलं की गोव्यातल्या आमच्या फोंड्यात माणसांचे दोन गट पडतात. एक गट हसतो. शेजारच्या काकांनी तर तोंडावरच विचारलं, "सुण्याक पेडिक्युर? तुका कितें काम ना गो?" दुसरा गट घाबरतो. "अगं बाई, रक्त आलं म्हणजे?" माझं भांडण दोघांशीही आहे, पण हसणाऱ्यांशी जास्त, कारण त्यांचं म्हणणं ऐकायला अगदी रास्त वाटतं. गावठी कुत्रा तो, त्याची नखं आपोआप झिजतात. आपल्या आजोबांनी कधी कुत्र्याची नखं कापली होती का?

नव्हती कापली. पण आजोबांचा कुत्रा राहायचा कुठे ते आठवा. रात्री पडवीत, आणि उजाडल्यापासून कुळागरात, मेरांवरून, चिऱ्यांच्या पायऱ्यांवरून, देवळाच्या वाटेवर. आपल्याकडचा जांभा म्हणजे कानसच. त्यावरून दिवसभर हुंदडणाऱ्या जनावराच्या नखांची काळजी कोणाला करावी लागत नव्हती. घरातही शेणाने सारवलेली जमीन, तीही फार तर जेवणाच्या वेळी उंबऱ्यापर्यंत दिसायची. आता त्याच रंगाचा, त्याच कानांचा, त्याचाच खापरपणतू म्हणा हवं तर, फ्लॅटमध्ये गुळगुळीत टाइल्सवर राहतो. लिफ्टने खाली उतरतो, विजेच्या खांबापर्यंत जातो, आपलं काम उरकतो आणि लिफ्टने वर येतो. नखं घासणार कशावर? जात गावठीच राहिली, पायाखालची जमीन मात्र आपण काढून घेतली. मग जमिनीचं काम आपल्या अंगावर येणार, एवढं साधं आहे हे.

"आम्ही रोज मिरामारला नेतो" असं पणजीतली एक मैत्रीण म्हणते. चांगलं करते, कुत्रा खूश असतो. पण मऊ वाळूत नख रुततं, झिजत नाही. त्यापेक्षा सकाळी रस्त्यावर फिरवलेल्याची नखं बरी राहतात. एप्रिल-मेमध्ये मात्र ऊन वर येण्याआधी. डांबर तापलं की नखं राहतात बाजूला आणि तळवे भाजतात. हात पालथा करून रस्त्यावर ठेवा. आपल्याला थोडा वेळही ठेववत नसेल तर त्यालाही चालवू नका.

नखं वाढली आहेत हे ओळखायला डॉक्टर लागत नाही, कान लागतात. कुत्रा घरात चालताना टक टक टक आवाज येतो? कुत्रा सरळ उभा असताना नख लादीला टेकायला नको. टेकलं की लादी ते नख वर ढकलते, बोट तिरकं होतं, आणि कुत्रा ते टाळायला वजन मागे घेऊन उभा राहतो. तरुण कुत्रा निभावून नेतो. म्हाताऱ्या कुत्र्याचे सांधे आधीच दुखत असतात. त्यात तळव्याची पकड जाऊन तो नखांवर चालायला लागला की टाइल्सवर चारी पाय चार दिशांना. "वय झालं हो त्याचं" असं आपण म्हणतो. वय झालेलं असतंच, पण त्यातला एक हिस्सा नखांचाही असतो, आणि तेवढा तरी आपल्या हातात आहे.

आमच्या कुत्र्याचं नाव बोंडू. काजूच्या मोसमात घरी आला आणि रंगही काजूच्या बोंडासारखाच, म्हणून. त्याची सगळी नखं काळी कुळकुळीत, फक्त मागच्या डाव्या पायाचं एक पांढरं. ते एक नख म्हणजे देवाने दिलेली सोय आहे, आणि ती का ते सांगते.

कुत्र्याचं नख म्हणजे बाहेर टणक कवच आणि आत जिवंत मांसल भाग, ज्यात रक्तवाहिन्या आणि नसा असतात. कवच कापलं तर काही होत नाही. जिवंत भागाला धार लागली तर दुखतं आणि रक्त येतं. पांढऱ्या नखात तो भाग उजेडात गुलाबी दिसतो, त्याच्या अलीकडे थांबायचं, विषय संपला. काळ्या नखात काहीच दिसत नाही, आणि बहुतेक गावठी कुत्र्यांची नखं काळीच. बोंडूच्या त्या पांढऱ्या नखावरून मला साधारण अंदाज येतो की आतला भाग कुठवर आला असेल. अंदाजच, कारण पुढची नखं मागच्यांपेक्षा लांब असतात. मागच्या पायांनी कुत्रा स्वतःला पुढे ढकलतो, त्यामुळे ती जास्त घासली जातात.

ज्यांच्या कुत्र्याला असं एकही नख नाही त्यांनी पंजा उलटा करून नख खालून बघावं. टोकाकडे खालच्या बाजूला खाच दिसते, पन्हळीसारखी पोकळ. ती जिथे संपून नख भरीव होतं तिथून जिवंत भाग सुरू होतो असं धरायचं. कापायचं ते टोकाकडून, अगदी पातळ चकत्या काढत, आणि प्रत्येक चकतीनंतर कापलेल्या तोंडाकडे बघत. सुरुवातीला ते कोरडं, पांढुरकं, भुसभुशीत दिसतं. मग मधोमध एक गडद, किंचित ओलसर ठिपका दिसायला लागतो. ठिपका दिसला की कटर खाली. "अजून थोडं" नाही. घरी रक्त येतं ते बहुतेक त्या "अजून थोडं"मध्येच.

आणि ही गोष्ट फार कमी लोकांना माहीत असते: नख वाढतं तसा आतला जिवंत भागही पुढे सरकतो. दोन वर्षं न कापलेलं नख एका बैठकीत छोटं करता येत नाही, कारण रक्त टोकाजवळ येऊन बसलेलं असतं. उलट दर आठवड्याला टोकाचा जरासा भाग काढत राहिलं की तो भाग हळूहळू मागे हटतो. म्हणून तीन-चार महिन्यांनी एकदा पार्लरमध्ये नेऊन "एकदम बारीक करा हं" म्हणणाऱ्यांचं मला पटत नाही. मुळात तीन महिन्यांनी एकदा कोणी अनोळखी माणूस, अनोळखी टेबल, बाजूला ड्रायरचा आवाज आणि पंजा धरून कटाकट. यात कुत्र्याने शांत राहावं ही अपेक्षाच अजब आहे. तिथल्या माणसांचा दोष नाही, त्यांना दिवसात कितीतरी कुत्रे उरकायचे असतात. पण हे उरकायचं कामच नव्हे.

घरचीही तीच तऱ्हा. एकाने मान धरायची, दुसऱ्याने कंबर, मुलाने मोबाइलचा टॉर्च, आणि घरची बाई कटर घेऊन. ही कुस्ती मी दोन-तीन घरांत पाहिली आहे. कुत्र्यांना मुळात पंजा धरलेला आवडत नाही. त्यात चार जणांनी दाबलं की त्याच्या डोक्यात एकच पक्कं होतं: कटर दिसला की पळा. पुढच्या वेळी पाच माणसं लागतात. हल्ली झोळीत कुत्रा टांगून नखं कापायचे व्हिडिओ येतात, लोक त्यावर हसरे चेहरे टाकतात. मला त्यात हसण्यासारखं काही दिसत नाही. पाय अधांतरी लोंबकळत असताना गप्प बसलेला कुत्रा शांतच असतो असं कोणी सांगितलं?

त्यापेक्षा आधी कटर बाजूला ठेवा. संध्याकाळी फिरून दमून आला की नुसता पंजा हातात घ्या, बोटं चाचपा, सोडा, खाऊ द्या. आधी सोडायचं, मग द्यायचं. असे काही दिवस. मग कटर नुसता शेजारी. कटरच्या "कट्" आवाजाला बिचकत असेल तर त्याचा उपाय आपल्या प्रत्येकाच्या घरात दाराआड उभा आहे: केरसुणीचा हीर. त्याच्याजवळ बसून माडाचा हीर कटरने कापायचा, आवाज झाला की खाऊ. घरात कोणी बघितलं तर वेड लागलं म्हणतील, म्हणू देत. नंतर एक नख. जमलं तर दोन. एका दिवसात सगळी झालीच पाहिजेत असा नियम कोणी केलेला नाही. आज पुढचा उजवा पाय, परवा डावा, चालतं.

पाय बाजूला ओढायचा नाही, ही एक गोष्ट मात्र कुस्तीवाले हमखास विसरतात. कुत्र्याचा पाय पुढे-मागे सहज जातो, आपल्या हातासारखा बाजूला जात नाही. कंबर दुखणाऱ्या म्हाताऱ्याचा मागचा पाय बाजूला उचललात तर तो नखासाठी नाही, कंबरेसाठी केकाटेल. त्याला आडवं पडू द्या आणि आहे तिथेच पंजा धरा.

खाऊ म्हणून स्टीलच्या ताटलीला दही फासलं की आमच्याकडे काम होतं. चाटण्यात त्याचा वेळ जातो. इंस्टाग्रामवर सगळे पीनट बटर सांगतात. घेतलंत तर डब्यावरची बारीक अक्षरं वाचा, साखरेऐवजी झायलिटॉल घातलेलं असेल तर कुत्र्याला ते विष आहे. सुका बांगडा दाखवला तर बोंडू चारी पंजे आपणहून पुढे करील, पण त्यातल्या मिठामुळे ते लाड मी करत नाही.

हत्याराबद्दल फार लिहीत नाही. पकडीसारखा, कुत्र्यांसाठीचा कटर घ्या आणि धार बघून घ्या. माणसांचा नेलकटर पिल्लाला चालेल, मोठ्या कुत्र्याचं नख त्यात चेपतं, आणि चेपलेलं नख दुखतं, मग दोष आपल्या हाताला. ग्राइंडरने घासणारेही आहेत. नीट होतं, पण एका जागी धरून ठेवलं की नख तापतं, आणि लांब केसांचं कुत्रं असेल तर केस गुंडाळले जातात. टेकवा, उचला, टेकवा, उचला.

आता पावसाळा. गोव्यातल्या कुत्र्याच्या नखांचा खरा हंगाम हा. जून ते सप्टेंबर धो धो पाऊस, फिरणं कमी, म्हणजे झीज कमी, आणि पंजे सतत ओले. बोटांच्या बेचक्यात ओल राहिली की बुरशी येते, आंबूस वास येतो, कुत्रा रात्रभर पंजा चाटत बसतो आणि आपण म्हणतो काय हा चाळा! बाहेरून आला की जुन्या पंच्याने बोटांमधून पुसायचं, आणि पुसतानाच बघायचं. गोचिडी नेमक्या त्या बेचक्यांत बसलेल्या सापडतात. नखं कापायला बसलं की हे सगळं आपोआप तपासून होतं, मला तर नखांपेक्षा हाच फायदा मोठा वाटतो. कटरही पुसून खोबरेल तेलाचा हात लावून ठेवा, नाहीतर आपल्या हवेत गणेश चवथीपर्यंत गंजलाच.

राहिला दुसरा गट, रक्ताला घाबरणारा. रक्त येऊ शकतं, खोटं कशाला सांगू. नखाचं रक्त दिसायला फार दिसतं, पांढऱ्या लादीवर तर खून झाल्यासारखं. पण निरोगी कुत्र्यात ते काही मिनिटांत थांबतं. न्हावी दाढीनंतर फिरवतो ती तुरटी, तिची बारीक पूड आधीच डबीत करून ठेवा. चिमूटभर नखाच्या टोकावर धरून दाबायचं. पुसत राहायचं नाही, पुसलं की जमलेली गुठळी निघते. तुरटी नसेल तर कॉर्नफ्लोअरही चालतं. हळद लोक लावतात. लादी पिवळी होते, तुरटीइतकं लवकर काम होत नाही असं माझं मत. नंतर थोडा वेळ त्याला उड्या मारू देऊ नका.

पंधरा-वीस मिनिटं दाबूनही थांबलं नाही तर मात्र डॉक्टर, आणि तेव्हा गोचिडीच्या तापाची तपासणी करायला सांगा. त्या तापात रक्तातल्या प्लेटलेट कमी होतात आणि एरवी किरकोळ असलेली जखम वाहत राहते. कुत्रा आधीच मलूल असेल, जेवत नसेल, तर नखं राहू द्या, आधी तो तपासून घ्या.

कापताना आपल्यालाच ओरखडा आला तर? गोवा २०२१ मध्ये रेबीज-नियंत्रित राज्य म्हणून जाहीर झालं, मिशन रेबीज या संस्थेची माणसं गावोगाव फिरून रस्त्यावरच्या कुत्र्यांनाही लस टोचतात, हे आपलं भाग्य. म्हणून घरच्याची लस चुकवायची मुभा मिळत नाही. ओरखडा साबण लावून वाहत्या पाण्याखाली पंधरा मिनिटं धुवायचा आणि डॉक्टरला विचारायचं, "आमचाच तर आहे" म्हणून सोडून द्यायचं नाही.

आणि काही कुत्र्यांची नखं घरी कापू नयेत, हेही तितक्याच मोकळेपणाने सांगते. खरोखर चावणारा कुत्रा, मुळापासून तुटलेलं नख, सुजलेलं बोट, ही डॉक्टरची कामं. तिथे तोंडाला जाळी घालावी लागली तर त्यात लाज कसली? फार घाबरणाऱ्याला डॉक्टर आधी शांत करणारी गोळी देतात. ती त्यांनीच द्यायची. मेडिकलमधून आपली दुखण्याची गोळी अर्धी करून देणाऱ्यांना मात्र हात जोडून सांगते, आयबुप्रोफेन कुत्र्याच्या पोटाची आणि मूत्रपिंडाची वाट लावतं.

सगळ्यात जास्त त्रास देणारं नख कोणतं, तर जे चालताना जमिनीला टेकतच नाही. पुढच्या पायांच्या आतल्या बाजूला, जरा वर, अंगठा असतो. जांभ्यावर हुंदडणाऱ्या कुत्र्याचंही ते नख फारसं झिजत नाही, त्यामुळे "आपोआप झिजतात"वाल्यांचा युक्तिवाद इथे पूर्णच कोसळतो. काही कुत्र्यांना मागच्या पायांनाही अंगठे असतात, सैल लोंबणारे. ते नख गोल वळत वळत मांसात शिरतं. डिचोलीला आमच्या नात्यातल्या एका घरी म्हातारी कुत्री लंगडत होती, सगळे संधिवात म्हणून तेल चोळत होते. पाय डॉक्टरने हातात घेतला तेव्हा अंगठ्याचं नख आत रुतून पू झालेला. बिचारी रोज तेल चोळून घेत होती, हूं का चूं नाही.

तेव्हा कटर विकत घ्यायला आज धावू नका. आज रात्री तो पंख्याखाली आडवा झाला की फक्त अंगठे चाचपा, केसाळ असेल तर केस बाजूला करून. नख कातडीला टेकलं असेल तर सकाळी डॉक्टरकडे. नसेल टेकलं, तर शनिवारी बाजारातून येताना तुरटी आणा.