स्क्वॉश बेचव नसतो, पाणचट केलेला असतो

आपल्याकडे स्क्वॉश म्हणजे बाटलीतलं सरबत आणि कॅसरोल म्हणजे पोळ्यांचा डबा. म्हणून आधीच सांगते, मी लिहितेय ते अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या स्क्वॉश कॅसरोल या पदार्थाबद्दल. वाकड्या मानेचा पिवळा उन्हाळी स्क्वॉश (भोपळ्याच्या जातीचा), कांदा, चीज, अंडी, वर क्रॅकर्सचा, म्हणजे खाऱ्या बिस्किटांचा चुरा, आणि सगळं ओव्हनमध्ये भाजलेलं.

परवा पॉटलकला, म्हणजे प्रत्येकीने एकेक पदार्थ आणायच्या जेवणाला, ते नेलं होतं. दोघी-तिघींनी न चाखताच सांगितलं, "अगं, ते बेचव असतं. निदान गरम मसाला तरी घालायचास!" मला खरंच वाईट वाटलं. साध्या वरणात घालतो का आपण गरम मसाला? वरण, भात, तूप, लिंबू, एवढ्यावर जीव टाकणारी माणसं आपण. मग लोण्यात परतलेल्या कोवळ्या स्क्वॉशचा गोडवा आपल्याला का कळू नये?

पण त्यांनी याआधी जे खाल्लं असेल ते पाणचटच असणार, हेही मला माहीत आहे. या फळात शंभरातले जवळजवळ 95 भाग पाणी. मीही इथे जॉर्जिया राज्यात नवीन असताना कच्च्या चकत्या डिशमध्ये रचून वर डब्यातलं क्रीम सूप ओतलं होतं. चमचा घातला तर तळाशी पिवळट पाणी आणि क्रॅकर्सचा लगदा.

शेजारच्या आजींनी मग मला उभं राहून शिकवलं. स्क्वॉश वीतभराहून लहान घ्यायचा, नख सहज रुतलं पाहिजे. सालं काढायची नाहीत. किलोभराच्या चकत्यांना मीठ लावून चाळणीत अर्धा तास ठेवायच्या. मग पसरट कढईत लोणी, त्यात विडालिया कांदा. हा जॉर्जियाचाच कांदा; तिथल्या जमिनीत गंधक कमी, म्हणून तो तिखट न होता गोड होतो. तो मऊ झाला की चकत्या, आणि झाकण अजिबात ठेवायचं नाही. आधी कढईत रटरट ऐकू येते, पाणी आटलं की तिची चुरचुर होते. तो आवाज बदलेपर्यंत गॅस बंद करू नका. मी त्यानंतरही काकडीच्या कोशिंबिरीसाठी ठेवलेल्या पंचात घालून हलक्या हाताने पिळते. तरी वाटीभर पाणी निघतं!

कोकणात तवशाचं, म्हणजे मोठ्या काकडीचं, धोंडस हा गोड केक करतात, तिथे तवशाचं पाणी भाजलेला रवा पिऊन घेतो, म्हणून ते चालतं. इथे पाणी प्यायला कोणी नाही. ते आधी काढणं हाच सगळा स्वयंपाक, बाकी नुसती कालवाकालव: दोन अंडी, कपभर किसलेलं चेडर, अर्धा कप सावर क्रीम, भरपूर मिरपूड. मीठ परत घालू नका, चीज आणि क्रॅकर्स खारट असतात. वर तीसेक रिट्झ क्रॅकर्सचा हाताने केलेला, लोण्यात घोळवलेला जाडसर चुरा. 350 डिग्री फॅरनहाइटला (म्हणजे साधारण 175 सेल्सिअसला) अर्धा तास. कडेचे बुडबुडे दाट आणि संथ झाले की काढा, आणि दहा मिनिटं हात लावू नका. डब्यातल्या सूपची गरजच पडत नाही.

माझे सासरे गेले तेव्हा विमानाची तिकिटं मिळेपर्यंत दीड दिवस आम्ही घरात नुसते बसून होतो. त्या आजी काही न बोलता हाच डिश ओट्यावर ठेवून गेल्या. तळाला चिकटपट्टीवर पेनाने त्यांचं नाव. दुःखाच्या घरी असं कॅसरोल पोचवायची इथे रीतच आहे. आपल्याकडे शेजारून पिठलं-भात येतो, तसंच. नवऱ्याने दिवसभरात पहिल्यांदा काही खाल्लं ते हे. परत आल्यावर रिकामं भांडं कसं द्यायचं म्हणून मी त्यात रव्याचे लाडू घालून दिले, आणि तेव्हापासून तो डिश आमच्या दोन घरांत ये-जा करतोय.

म्हणून कोणी त्याला बेचव म्हटलं की मला गप्प बसवत नाही. येत्या शनिवारी परत आणतेय, मसाल्याशिवाय. कोपऱ्यातला तुकडा घ्या, तिथलं चीज कडेला खरपूस लागलेलं असतं.